सड्यावरचे वर्तुळ आणि देवळापुढची शिळा

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. आपले गाव राजापूर तालुक्यात आहे आणि गावाच्या सड्यावर, म्हणजे उंचावरच्या मोकळ्या कातळपठारावर, जांभ्यात कोरलेल्या आकृती आहेत. त्यांत एक मोठे वर्तुळ आणि त्याच्याशेजारी चौकटी आहेत. आपले आजोळ अलिबागजवळ आहे आणि तिथल्या देवळापुढे एक उभी शिळा आहे. तिच्या माथ्यावर सूर्य-चंद्र, मध्ये झिजलेल्या अक्षरांच्या सात-आठ ओळी आणि तळाशी एक प्राणी कोरलेला आहे. वर्तुळ दोन्ही ठिकाणी दिसल्यामुळे ही एकाच प्राचीन सांकेतिक लिपीची चिन्हे असावीत असे आपल्याला वाटते, आणि ती उलगडण्यासाठी कोणता कोश घ्यावा हे आपल्याला हवे आहे. शिळेखाली धन पुरले आहे असे आजोळची वडीलधारी माणसे सांगतात, हेही आपण लिहिले आहे.

मी गेली तीस वर्षे रायगड आणि रत्नागिरी जिल्ह्यांतल्या शिळा आणि घराघरांतली मोडी कागदपत्रे वाचत आले आहे. त्या अनुभवावरून सांगते की कोशाचा प्रश्न बराच पुढचा आहे. समोरच्या दगडावर जे आहे ते अक्षर आहे की चित्र, हे ठरवणे पहिले काम आहे, आणि नवख्या वाचकाची सर्वांत मोठी चूक इथेच होते. आपल्या दोन जागांची उत्तरे या पहिल्याच पायरीवर वेगळी होतात. सड्यावरची आकृती वाचता येणार नाही, कारण ती लेखन असल्याचे कोणतेही लक्षण तिच्यात नाही. देवळापुढची शिळा मात्र बहुधा वाचता येईल, कारण तिची लिपी आणि भाषा दोन्ही आपल्याला ठाऊक असलेल्या आहेत. अडचण फक्त झिजेची आहे.

लेखन कशाला म्हणायचे, याची माझी कसोटी साधी आहे. लेखनात चिन्हांची संख्या मर्यादित असते, तीच चिन्हे पुन्हा पुन्हा येतात, त्यांचा आकार साधारण सारखा असतो, आणि ती काही क्रमाने, बहुधा ओळीत, एकाच दिशेने मांडलेली असतात. चिन्हांची मोजणीसुद्धा पुष्कळ सांगून जाते: वीस ते चाळीस चिन्हे भरली तर वर्णमाला, पन्नास ते शंभर भरली तर अक्षरमाला, आणि शेकड्यांत गेली तर शब्दचिन्हांची लिपी असण्याचा संभव. आता सड्यावरच्या कातळशिल्पांकडे या नजरेने पाहावे. कशेळीच्या सड्यावरचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आहे, आणि इतरत्र वीतभर आकाराच्या आकृतीही सापडतात. हत्ती, गेंडा, वाघ, कासव, शार्क मासा, पाकट, माणसे आणि काही निव्वळ भौमितिक रचना असे विषय आहेत. त्यांना ओळ नाही, क्रम नाही, ठरावीक आकार नाही. बारसूला एका मनुष्याकृतीच्या दोन्ही बाजूंना दोन वाघ कोरले आहेत. ती मांडणी विचारपूर्वक केलेली आहे, हेतूही असणारच. परंतु त्यामुळे ती लेखन ठरत नाही. देवीहसोळ, उक्षी, जांभरुण, देवाचे गोठणे, कुडोपी अशा स्थळांचा समावेश २०२२ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत झाला. या आकृतींचा काळ निश्चित ठरलेला नाही आणि अर्थाविषयी केवळ अनुमाने आहेत. म्हणून आपल्या सड्यावर आपण करण्याजोगे काम मोजमापाचे, रेखाटनाचे आणि इतर सड्यांशी तुलना करण्याचे आहे. ते काम वाचनाइतकेच मोलाचे आहे. सड्यावरून रस्ते जातात, चिरेखाणी निघतात, आणि नोंद नसलेली आकृती एका दिवसात नाहीशी होते. हे मी कळवळून सांगते आहे, कारण मागच्या खेपेला पाहिलेली आकृती पुढच्या खेपेला खाणीच्या खड्ड्यात गेलेली मी पाहिली आहे.

चित्र आणि वाचता येणारे लेखन या दोहोंच्या मधली एक अवस्था असते, तिचाही उल्लेख करते, कारण आपल्या प्रश्नातला ‘सांकेतिक लिपी’ हा शब्द खरे तर तिला लागू पडतो. सिंधू संस्कृतीच्या मुद्रांवरची चिन्हे लेखनाच्या बऱ्याच कसोट्यांना उतरतात: ती ओळीत आहेत, पुन्हा पुन्हा येतात, त्यांना क्रम आहे. चिन्हे चारशेच्या आसपास आहेत; या लिपीचे अभ्यासक इरावतम महादेवन यांनी १९७७ च्या आपल्या सूचीत ती ४१७ धरली. तरीही सर्वमान्य वाचन झालेले नाही. लेख सरासरी पाच चिन्हांचे आहेत, मागची भाषा कोणती हे ठाऊक नाही, आणि तोच मजकूर दुसऱ्या ज्ञात लिपीत दिलेला असा एकही लेख हाती नाही. इजिप्तच्या चित्रलिपीला असा आधार मिळाला: १७९९ मध्ये सापडलेल्या रोझेटा शिळेवर एकच मजकूर ग्रीक भाषेतही होता, आणि त्याच्या साहाय्याने १८२२ मध्ये शाँपोलियाँ या फ्रेंच अभ्यासकाने ती लिपी उलगडली. केवळ बुद्धीच्या जोरावर, आधाराशिवाय, चिन्हांचे अर्थ सांगणारा माणूस भेटला तर त्याच्यापासून दूर राहावे.

आधार मोठाच असला पाहिजे असेही नाही. ब्राह्मी लिपी उलगडताना जेम्स प्रिन्सेप यांनी १८३७ मध्ये सांचीच्या कठड्यांवरचे छोटे छोटे लेख पाहिले, आणि त्यांच्या ध्यानात आले की बहुतेक लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरे आहेत. कठड्याचे दगड भक्तांनी दिलेले असणार, म्हणून ती अक्षरे ‘दानं’ असणार, असे त्यांनी ओळखले आणि तिथून पुढची अक्षरे सुटत गेली. मला हे उदाहरण फार जवळचे वाटते, कारण आपल्या कोकणातही तोच अनुभव घेता येतो. राजपुरीच्या खाडीजवळच्या कुडे लेण्यांत माळी, वैद्य, व्यापारी, भिक्षुणी अशा दात्यांचे ब्राह्मी लेख आहेत, आणि त्यांत ‘देयधम’ म्हणजे धर्मार्थ दिलेले दान, आणि ‘लेण’ हे शब्द पुन्हा पुन्हा येतात. दोन हजार वर्षांपूर्वीच्या आसपासचा तो ‘लेण’ आपण आजही ‘लेणे’ म्हणून बोलतो. एखाद्या लेखात काय असणे संभवते हे आधी ओळखणे आणि मग अक्षरांकडे जाणे, ही वाट इथून शिकावी. मात्र ‘संभवते’ आणि ‘आहे’ यांतले अंतर क्षणभरही विसरू नये.

आता आपली शिळा. सूर्य-चंद्र, मध्ये लेख आणि तळाशी प्राणी, या वर्णनावरून ती गधेगाळ असण्याची शक्यता पुष्कळ आहे. कोकणावर राज्य करणाऱ्या शिलाहार राजांच्या काळापासून पुढे काही शतके जमीन, बाग किंवा गाव दान दिल्यावर अशी शिळा रोवली जात असे. माथ्यावरचे सूर्य-चंद्र म्हणजे ‘आचंद्रार्क’, जोपर्यंत चंद्र-सूर्य आहेत तोपर्यंत हे दान चालावे, ही इच्छा. पुष्कळ शिळांवर त्यांच्यासोबत कलशही असतो. मध्ये दानाचा तपशील. तळाशी गाढव आणि स्त्री यांचे उघडेवाघडे शिल्प असते. दान मोडणाऱ्याच्या आईचा उल्लेख करून दिलेली ती शिवी आहे. ताम्रपटांत हाच धाक संस्कृत श्लोकाने घातलेला असतो: दिलेली भूमी जो हिरावून घेईल तो साठ हजार वर्षे विष्ठेतला किडा होईल. ताम्रपट पेटीत राहत असे आणि वाचणारा सुशिक्षित असे. शिळा शिवारात उभी राहणार, तिच्यापुढून जाणाऱ्या बहुतेकांना अक्षरओळख नसणार, म्हणून शिळेचा वरचा आणि खालचा भाग चित्रात सांगितला आहे. आपल्या दोन वर्तुळांचा प्रश्नही यातून सुटतो. शिळेवरचे वर्तुळ सूर्य आहे, कारण त्याच्याशेजारी चंद्रकोर आहे, खाली दानलेख आहे आणि याच रचनेच्या इतर अनेक शिळा आपल्यासमोर आहेत. सड्यावरच्या वर्तुळाला असे शेजारी नाहीत, त्यामुळे शिळेचा अर्थ तिकडे नेता येत नाही. चिन्हाला अर्थ शेजारच्या चिन्हांकडून येतो.

प्रत्यक्ष वाचनाला लागण्यापूर्वी दगड नीट पाहावा लागतो, आणि इथे पुष्कळसे परिस्थितीवर अवलंबून आहे. शिळा काळ्या पाषाणाची असेल तर अक्षरे टिकण्याची आशा अधिक. जांभ्याची असेल तर त्याच्या छिद्रांत रेघा हरवतात. शिळेला शेंदूर किंवा तैलरंग लावला असेल, ती पूर्वी पायरीत बसवलेली असेल, किंवा तिच्यावर वर्षानुवर्षे वळचणीचे पाणी पडत असेल, तर प्रत्येक वेळी निर्णय निराळा. पाऊस संपून शेवाळ सुकल्यावर जावे. मऊ ब्रश आणि साधे पाणी यांपलीकडे काहीही वापरू नये. तारेचा ब्रश, आम्ल, खडू, चुना, पीठ यांपैकी काहीही अक्षरांत भरू नये. खडू भरणारा माणूस आपल्याला जे दिसते तेच भरतो, आणि नंतर येणाऱ्याला दगड न दिसता पहिल्याचे मत दिसते. सकाळी सूर्य फार वर चढण्याआधी, उन्हाची तिरीप शिळेवरून सरपटत जाते तेव्हा, दुपारी कोरी दिसणारी शिळा अक्षरांनी भरून जाते. ऊन योग्य दिशेने येत नसेल तर रात्री जाऊन बॅटरी आळीपाळीने चारही बाजूंनी, दगडाला जवळजवळ टेकवून धरावी, आणि प्रत्येक दिशेचे छायाचित्र घ्यावे. उभी रेघ आडव्या प्रकाशात दिसते, आडवी रेघ उभ्या प्रकाशात. एकाच छायाचित्रावरून वाचणारा निम्म्या रेघा गमावतो. ओल्या कागदाने शाईचा ठसा घेणे ही जुनी आणि उत्तम पद्धत आहे, परंतु ती शिकलेल्या माणसाच्या हाताखालीच करावी.

मला वाचनातली सर्वांत उपयोगी शिकवण एका पाथरवटाकडून मिळाली. ते पाटे-वरवंटे घडवत, जात्यांना टाकी लावत आणि तुळशीवृंदावने कोरत. झिजलेल्या शिळेची छायाचित्रे मी त्यांना दाखवली, तेव्हा त्यांनी अक्षरांकडे पाहिलेच नाही. टाकी कुठे टेकली, कुठल्या बाजूने चालली आणि कुठे उचलली, हे ते बोटाने दाखवत गेले. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे घाव जिथे सुरू होतो तिथे तो खोल बसतो, म्हणून रेघ झिजली तरी तिचे टोक ठिपक्यासारखे उरते. वळण टाकीला जड जाते, म्हणून गोल अक्षर कोनदार होते. तेव्हापासून मी झिजलेले अक्षर पूर्ण आकार म्हणून शोधत नाही, उरलेली टोके जोडून पाहते. त्यांच्या बोलण्यावरून आणखी एक गोष्ट उमगली. मजकूर लिहून देणारा एक आणि कोरणारा दुसरा, आणि कोरणाऱ्याला तो वाचता येत असेलच असे नाही. त्यामुळे एखादे अक्षर गळालेले, एखादी रेघ जास्तीची, एखादी ओळ मध्येच दाटीवाटीने संपवलेली असे आढळले, तर तिथे कारागिराचा हात दिसतो आहे असे समजावे. त्यातून गूढ अर्थ काढू नये.

वाचताना मी एक शिस्त पाळते. आधी ओळी मोजायच्या, प्रत्येक ओळीतली अक्षरे मोजायची, आणि अर्थाकडे न पाहता प्रत्येक अक्षर दिसते तसे रेखाटायचे. संशयित अक्षर कंसात, गेलेल्या अक्षराच्या जागी ठिपका. मग त्याच शिळेवरच्या स्पष्ट अक्षरांचा तक्ता करायचा. पुस्तकातला तक्ता त्या काळाचे सर्वसाधारण वळण दाखवतो. आपल्या पाथरवटाचा ‘ध’ कसा आणि ‘घ’ कसा, ‘च’ आणि ‘व’ यांत त्याने काय फरक ठेवला, हे त्याचीच शिळा सांगते. शब्दांमध्ये मोकळी जागा नसते, हेही लक्षात ठेवावे.

पृष्ठमात्रेविषयी थोडे विस्ताराने सांगते, कारण जुन्या देवनागरीत सर्वांना ठेचकाळायला लावणारी गोष्ट तीच आहे. आज आपण ‘ए’काराची मात्रा अक्षराच्या डोक्यावर देतो, त्या काळी ती पुष्कळदा अक्षराच्या आधी उभ्या रेघेने दाखवत. म्हणजे ‘मळे’ हा शब्द म, उभी रेघ, ळ असा कोरला जाई, आणि आजचा वाचक तो निःशंकपणे ‘माळ’ असा वाचतो. हीच चूक मी सुमारे पंचवीस वर्षांपूर्वी केली. एका खाडीकाठच्या शिळेत दान दिलेल्या जमिनीचे वर्णन मी ‘माळ’ असे वाचले आणि दोन उन्हाळे गावावरचा सडा पायांखाली घातला. सीमा म्हणून सांगितलेला ओढा तिथे कुठेच नव्हता. पुढे दुसऱ्या ओळीतले एक ‘जे’ पृष्ठमात्रेने कोरलेले आहे हे लक्षात आले, आणि मग दान दिलेले ‘मळे’, म्हणजे खालची भातजमीन, ओढ्यासकट जागच्या जागी सापडले. एका रेघेने दान डोंगरावर नेले होते. तेव्हापासून मी कोणताही उभा काना वाचण्याआधी त्या शिळेत पृष्ठमात्रा आहे का, शिरोमात्रा (डोक्यावरची मात्रा) आहे की दोन्ही मिसळलेल्या आहेत, हे आधी ठरवते.

सुरुवात ठरावीक शब्दांपासून करावी: ‘स्वस्ति श्री’, ‘शकु संवतु’, ‘संवत्सरे’, आणि शेवटाकडे दान मोडणाऱ्याला उद्देशून असलेला ‘जो’. ही ठिकाणे हाती आली की मधली जागा आपोआप आकसते. वर्षाची पडताळणी मात्र गणितानेच करावी. शकात १२ मिळवून ६० ने भागावे. जी बाकी उरेल तो साठ संवत्सरांच्या मालिकेतला क्रमांक. अलिबागजवळच्याच आक्षी येथील प्रसिद्ध लेखाचा शक ९३४, म्हणजे इ.स. १०१२, असा वाचला गेला आहे. ९४६ ला ६० ने भागले की बाकी ४६, म्हणजे परिधावी संवत्सर. त्या लेखाच्या शकाबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत, आणि इतक्या नावाजलेल्या शिळेबद्दल ते असू शकतात यावरून झिजलेल्या आकड्यावर किती भरवसा ठेवावा हे कळते. कधी एक वर्षाचा फरक येतो, तोही खोटा नसतो. नागावच्या लेखात शक १२८९ आहे, हिजरी ७६७ आहे आणि संवत्सर पराभव आहे. हिशेबाने १२८९ ला प्लवंग यायला हवा. पराभव येतो १२८८ ला. म्हणजे लिहिणाऱ्याने सरलेले वर्ष न मोजता चालू वर्ष मोजले, आणि लेख इ.स. १३६६ चा ठरतो. हिजरी ७६७ सुद्धा त्याच वर्षाच्या सप्टेंबरात संपते. तीन स्वतंत्र खुणा एका वर्षावर येऊन मिळतात, तेव्हा तो आकडा मी निर्धास्तपणे लिहिते. आपले आजोळ त्याच पट्ट्यात आहे, तेव्हा आक्षी आणि नागाव येथील शिळा आधी डोळ्यांखालून घालाव्यात.

माणसांची आणि जागांची नावे सर्वांत शेवटी वाचावीत. तिथे अंदाज बांधायला संदर्भ अपुरा असतो आणि मोह मोठा असतो. झिजलेल्या तीन अक्षरांत प्रत्येकाला आपल्या गावाचे नाव दिसते. गावातल्या आगरांची, पाखाड्यांची, शेतांची जुनी नावे वयस्क माणसांकडून लिहून घ्यावीत, आणि घरात मोडी कागद असतील तर तेही पाहावेत, कारण शेतांची नावे कित्येक शतके तग धरतात. मोडी कागदांत वर्ष बहुधा सुहूर सनात, अरबी संख्यानामांनी दिलेले असते. त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन येतो. शिकण्याचा क्रम विचाराल तर आपल्यासाठी जुनी देवनागरी आधी, मोडी नंतर, आणि ब्राह्मी कुडे येथील छोट्या लेखांपासून.

धनाच्या गोष्टीविषयी इतकेच सांगते की गधेगाळींवर धनाचा पत्ता नसतो. तिथे जमीन दिल्याची नोंद असते. अशा समजुतीने खणून आडव्या केलेल्या शिळा मी पाहिल्या आहेत, आणि हललेली शिळा कोणत्या शेताची सीमा सांगत होती हे पुढे कोणालाच सांगता येत नाही. आजोळच्या वडीलधाऱ्यांना हे आदराने समजावून सांगावे. जमिनीत पुरलेले दहा रुपयांपेक्षा अधिक किमतीचे धन सापडले तर ते जिल्हाधिकाऱ्यांना कळवणे १८७८ च्या निखात निधीच्या कायद्याने बंधनकारक आहे, हेही त्यांना ठाऊक असावे.

आपल्या पुढच्या भेटीत शिळेची उंची, रुंदी, जाडी, तिचे तोंड कोणत्या दिशेला आहे हे, आणि चारही बाजूंच्या प्रकाशातली छायाचित्रे मोजपट्टी ठेवून घ्यावीत. शिळेची पूजा होत असेल तर पुजाऱ्यांना आधी विचारावे आणि शेंदराला हात लावू नये. शेंदराखालची अक्षरे पुष्कळदा सुरक्षित राहिलेली असतात. शेवटच्या ओळी मातीत गेलेल्या दिसल्या तर स्वतः उकरू नये. तशी नोंद करून राज्य पुरातत्त्व विभागाच्या रत्नागिरी कार्यालयाला कळवावे. सड्यावरच्या आकृतींची नोंदही त्याच पत्रासोबत द्यावी, मात्र वेगळ्या कागदावर. आणि रेखाटन करताना पहिल्या ओळीतल्या प्रत्येक उभ्या रेघेची लांबी मोजून ठेवावी. काना आणि पृष्ठमात्रा यांतला फरक काही शिळांवर तेवढ्यावरूनच कळला आहे.